महानायक मालिकेतील भावनिक निर्वहण : ‘एपिलॉग’ या भागाचे विवेचन

प्रस्तावना :
भरताच्या नाट्यशास्त्रात मुख, प्रतिमुख, गर्भ, विमर्श व निर्वहण असे पाच संधी सांगितले आहेत. निर्वहण संधीत कथानकाची विखुरलेली सूत्रे एकत्र येऊन फलप्राप्ती होते. महानायकांच्या अ‍ॅनिमेशन मालिकांत ही फलप्राप्ती बहुधा खलनायकाच्या पराभवाशी निगडित असते. ‘जस्टिस लीग अनलिमिटेड’ या अमेरिकन मालिकेतील ‘एपिलॉग’ (२००५) हा भाग या रूढीस अपवाद ठरतो. ‘बॅटमॅन : द अ‍ॅनिमेटेड सिरीज’पासून (१९९२) उभ्या राहिलेल्या कथाविश्वाचा समारोप म्हणून तो योजला गेला होता. पुढे मालिकेचे आणखी १३ भाग निघाले व ‘डिस्ट्रॉयर’ (२००६) हा अखेरचा भाग ठरला. तथापि पात्रांच्या भावनिक प्रश्नांचे उत्तर ‘एपिलॉग’मध्येच मिळते.

संघर्षाचे स्वरूप :
वृद्ध ब्रूस वेनचा वारस टेरी मॅकगिनिस यास आपण जनुकीयदृष्ट्या ब्रूसचेच पुत्र असल्याचे कळते. आपले आयुष्य दुसऱ्या कोणी आखून दिले, या जाणिवेने तो व्यथित होतो आणि अमांडा वॉलर हिच्याकडे जाब मागतो. बॅटमॅननंतर जगाला दुसरा बॅटमॅन हवा, म्हणून ही योजना आपणच आखली, अशी कबुली ती देते. ब्रूसला जसे मातापित्यांच्या हत्येचे दुःख भोगावे लागले, तसेच टेरीच्या वाट्यास यावे, यासाठी मारेकरीही नेमला होता. परंतु त्याने ऐनवेळी माघार घेतली. खून करून बॅटमॅन घडविणे हे बॅटमॅनच्याच तत्त्वांशी विसंगत आहे, हे वॉलरलाही पटले.

एसचा प्रसंग :
याच संवादात वॉलर एस या बालिकेची कथा सांगते. अद्भुत मानसिक शक्तीमुळे शस्त्र म्हणून वापरली गेलेली ही मुलगी मरणासन्न असते. तिच्या मृत्यूसमयी मोठी हानी होईल या भीतीने तिला ठार करण्याचे साधन बॅटमॅनकडे दिले जाते. तो ते वापरत नाही. तिला एकटे मरण्याची भीती वाटते, म्हणून झोपाळ्यावर तिच्याशेजारी हात धरून बसून राहतो. बॅटमॅनचे मोठेपण सामर्थ्यात नसून करुणेत आहे, हे या एका प्रसंगातून स्पष्ट होते.

समारोप :
ही कथा टेरीच्या प्रश्नाचेच उत्तर आहे. जनुके शरीर देतात, करुणा देत नाहीत. ती प्रत्येकाला स्वतः निवडावी लागते. टेरी ब्रूसची प्रतिकृती नाही, असे वॉलर बजावते. त्यानंतर तो ब्रूसकडे परततो, डेनाशी असलेले नाते सावरतो आणि बॅटमॅनचे कार्य पुन्हा हाती घेतो. बाह्यतः काहीच बदलत नाही; मात्र पूर्वी जे ओझे वाटले, ते आता त्याने स्वेच्छेने स्वीकारलेले असते. निर्णायक युद्धावाचूनही महानायकाच्या कथेस पूर्णत्व येऊ शकते, हे यावरून सिद्ध होते.