निएमेला : एका कुळाचं ओंडक्यांचं घर

पडद्यावरचं हे चित्र पाहा. पहिल्या नजरेला वाटतं, छोटी वाडी असावी. डझनभर लाकडी खोपटी इकडेतिकडे विखुरलेली. पण हे एकाच कुटुंबाचं घर आहे. नाव निएमेला. मूळचं मध्य फिनलंडमधल्या कोंगिनकांगासचं, आज उभं आहे हेलसिंकीच्या सेउरासारी बेटावर.

एका घराला इतक्या इमारती कशाला? उत्तर ओंडक्यात आहे. आपल्या वाड्यात लाकूड उभं राहतं : खांब, त्यावर तुळया, मधल्या भिंती विटामातीच्या. तिथे लाकूड आडवं. पाइनचे ओंडके एकावर एक रचायचे, कोपऱ्यात कुऱ्हाडीने खाच पाडून एकमेकांत अडकवायचे आणि फटींत शेवाळ ठासायचं. म्हणजे खोली ही एक पेटीच झाली, आणि पेटीची लांबी ठरवणार झाड. म्हणून नवं काम निघालं की जुनी खोली वाढवण्यापेक्षा नवी पेटी बांधणं सोपं.

दुसरं कारण आग. राहती खोली धुराची, म्हणजे धुराड्याशिवायची. दगडांची मोठी चूल पेटली की धूर छताखाली साचतो आणि वरच्या झडपेतून बाहेर पडतो. माणसं त्याच्या खाली बसतात. विस्तव विझला की झडप बंद. तापलेले दगड रात्रभर ऊब देतात. भिंतीचा वरचा भाग काळाकुट्ट, खालचा लाकडाच्या रंगाचा, हे त्यामुळेच. सौना वेगळी, कारण तिथेही असाच विस्तव. अंघोळ तर तिथे व्हायचीच, पण मांसाला धूर द्यायचा तो तिथे, आणि बाळंतपणंही तिथेच. अशा शेतघरांत धान्य वाळवायची खोलीसुद्धा लांब असे. मळणीआधी कणसं आत टांगून विस्तवाच्या उबेवर वाळवायची, तेव्हा ती पेटण्याची भीती सगळ्यात जास्त. एक पेटी जळाली तरी बाकीच्या वाचाव्यात, हा हिशेब. धान्याचं कोठार कोपऱ्यांवरच्या दगडांवर उचललेलं, उंदरांसाठी आणि ओलीसाठी. छपरात भूर्जाच्या सालीचे थर. आपल्या पोथ्यांचं भूर्जपत्र म्हणजे याच जातकुळीतल्या झाडाची साल. तिथे ती पाणी अडवते.

आता मुद्द्याची गोष्ट. ज्याने हे उभं केलं त्याची जमीन नव्हती. निएमेलाचा माणूस ‘तोरप्पारी’, आपल्या भाषेत कूळ. अशी कुळं जमीनमालकाला खंड बहुतेक कामाच्या दिवसांत देत. आपली पेरणी-कापणी खोळंबली असली तरी मालकाच्या शेतावर जायचं. करार मोडला तर निघावं लागायचं. कूळकायदा आठवला असेल तुम्हाला. फिनलंडमध्ये कुळांना आपली जमीन विकत घेण्याचा हक्क 1918 च्या कायद्याने मिळाला.

निएमेला त्याआधीच हललं होतं. 1909 साली, फिनलंड अजून रशियाच्या झारच्या अमलाखाली असताना, आक्सेल ओलाई हेइकेल यांनी सेउरासारीचं खुलं संग्रहालय सुरू केलं आणि पहिलं घर हेच आणलं. नमुना होता स्टॉकहोमचं स्कान्सेन, हाझेलियस यांनी 1891 मध्ये उघडलेलं. ओंडक्यांचं घर हलवणं तसं सरळ काम : प्रत्येक ओंडक्यावर खूण करायची, उतरवायचे, नव्या जागी त्याच क्रमाने रचायचे. आपला विटामातीचा वाडा असा नेऊन दाखवा!

माझी एक तक्रार आहे. संग्रहालयात गोठा, कोठार, सौना सगळं दिसतं, पण मालकाचं शेत दिसत नाही, ते कोंगिनकांगासलाच राहिलं. त्यामुळे पाहणाऱ्याला निएमेला एखाद्या सुखवस्तू शेतकऱ्याचं वाटू शकतं.

चला, आता प्रश्न घेऊ.