आजारातून उठलेला साथी

मानसिक आजार स्वतः भोगून सावरलेला माणूस दुसऱ्या रुग्णाला हात देतो, तेव्हा त्याला पिअर सपोर्ट वर्कर म्हणतात. आपण त्याला साथी म्हणू. तो डॉक्टर नसतो आणि समुपदेशकही नसतो. व्यसनमुक्तीत हे आपल्याकडे जुनंच आहे. पुण्याच्या मुक्तांगणमध्ये (स्थापना 1986) दारू सोडलेली माणसंच पुढे कार्यकर्ते झाली. नैराश्य, बायपोलर, स्किझोफ्रेनिया यांच्याबाबत मात्र ही वाट नवी आहे. पुण्यातल्या इंडियन लॉ सोसायटीचं मानसिक आरोग्य कायदा व धोरण केंद्र ‘अपसाइड्स’ या आंतरराष्ट्रीय प्रकल्पात सहभागी होतं. त्यातून अहमदाबादच्या मानसिक आरोग्य रुग्णालयात असे साथी कामाला लागले.

आपल्या महाड-पोलादपुरात अशा साथीची गरज सांगायला सर्वेक्षण नको. एमआयडीसीत रात्रपाळ्या आहेत. 22 जुलै 2021 च्या पावसात तळीये आणि केवनाळे दरडीखाली गेली, त्या घरांतली माणसं अजून इथंच आहेत. आणि अलिबागचं जिल्हा रुग्णालय महाडपासून सुमारे 100 किलोमीटरवर.

साथी होण्याच्या प्रशिक्षणात सगळ्यात अवघड जातं ते स्वतःची गोष्ट सांगणं. किती सांगायची, कधी सांगायची आणि कुठं थांबायचं, याचा सराव करावा लागतो. समजा, सरावात एक जण बिरवाडीच्या खोलीवर राहणाऱ्या कामगाराची भूमिका करतोय. तो म्हणतो, “थर्ड शिफ्टनंतर झोपच लागत नाय, डोकं नुसतं पळतंय.” नवशिका साथी लगेच आपली दोन वर्षांची कहाणी उलगडतो, नाहीतर “टेन्शन घेऊ नको” म्हणून मोकळा होतो. दोन्ही चूकच. “माझंही असं झालं होतं. तुझं कधीपासून चाललंय?” एवढं पुरतं, पुढचं त्याला बोलू द्यायचं. इथं अनुभव खरा उपयोगी पडतो, कारण बायपोलर असलेल्याला जागरणाने उन्मादाचा झटका येऊ शकतो. ज्याने तो भोगलाय, त्याचे कान चटकन टवकारतात.

मग मर्यादा. औषधाचा डोस सांगायचा नाही, आपली गोळी दुसऱ्याला द्यायची नाही, पैसे उसने द्यायचे नाहीत. समोरचा सुपरवायझरचा भाचा असला तरी ऐकलेलं बाहेर काढायचं नाही. लहान गावात हा शेवटचा नियमच सगळ्यात कठीण. अपवाद जिवाच्या धोक्याचा. आत्महत्येचा विचार येतो का, हे स्पष्ट विचारायचं. विचारल्याने तो विचार डोक्यात शिरत नाही. उत्तर ‘हो’ आलं, तर माणसाला एकटं सोडायचं नाही आणि डॉक्टरांपर्यंत पोचवायचं.

वर्गानंतर जाणत्याच्या देखरेखीखाली प्रत्यक्ष रुग्णांसोबत काम, आणि मग प्रमाणपत्र. त्याची किंमत नीट समजून घ्या. क्लिनिकल सायकॉलॉजिस्टची नोंदणी भारतीय पुनर्वास परिषदेकडे कायद्याने होते; साथीसाठी तशी स्वतंत्र सरकारी परवाना परीक्षा नाही. त्यामुळे कागद देणारी संस्था जितकी भक्कम, तितकाच तो कागद. अमेरिकेत जॉर्जिया राज्याने 1999 मध्ये या कामाला सरकारी आरोग्य योजनेतून पैसे द्यायला सुरुवात केली. 2007 मध्ये तिथल्या केंद्र सरकारने अशा पैशांसाठी सर्व राज्यांना अटी घातल्या: देखरेख, इतर उपचारांशी ताळमेळ, प्रशिक्षण आणि प्रमाणपत्र. त्यात देखरेख पहिली, आणि माझ्या मते क्रम बरोबर आहे. दिवसभर दुसऱ्याचं दुःख ऐकणाऱ्याचा जुना आजार पुन्हा डोकं वर काढू शकतो. ते वेळीच ओळखणारं कुणीतरी मागे हवं.

म्हणून अशा कोर्सला पैसे भरण्याआधी एवढं विचारा: कोर्स संपल्यावर माझ्या कामावर देखरेख कोण करणार, आणि मी ढासळलो तर फोन कुणाला करायचा? उत्तर मिळालं नाही, तर नाव घालू नका. आणि ज्याला आजच कुणाशी बोलायचंय, त्याने टेली-मानसच्या 14416 वर फोन लावावा. तो मोफत आहे, रात्रपाळीतही लागतो आणि मराठीत बोलता येतं.