निवृत्तीनंतरची चौकशी आणि पेन्शनचा हक्क

निवृत्तीच्या दिवशी विभागीय चौकशी (खात्याने केलेली शिस्तभंगाची चौकशी) आपोआप संपते, असे काहींना वाटते; चौकशी असली की पेन्शन पूर्ण बंद, असे इतरांना. दोन्ही समज चुकीचे आहेत.

महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, 1982 मधील नियम 27 प्रमाणे, सेवेत असताना सुरू झालेली चौकशी निवृत्तीनंतरही चालू राहते. नव्याने सुरू करायची तर शासनाची मंजुरी लागते आणि घटना चार वर्षांपेक्षा जुनी चालत नाही. ही मुदत दोषारोपपत्र (आरोपांचे लेखी विवरण) दिल्याच्या तारखेपासून मागे मोजतात. मार्च 2019 मधील घटनेसाठी, मे 2024 मध्ये निवृत्त झालेल्या कर्मचाऱ्याला जूनमध्ये पहिले दोषारोपपत्र देता येत नाही.

चौकशी प्रलंबित असताना तात्पुरते निवृत्तिवेतन मिळते. उपदान (निवृत्तीची एकरकमी रक्कम) मात्र निकालापर्यंत थांबते. गंभीर गैरवर्तन किंवा निष्काळजीपणा सिद्ध झाला, तरच पेन्शन कापता येते. भिशीच्या हिशेबात वाद आहे एवढ्यावरून सभासदाचे पैसे कायमचे बुडवता येत नाहीत, तसेच हे.

पेन्शन ही मेहेरबानी नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने नकारा खटल्यात 1982 मध्येच स्पष्ट केले. म्हणून नोटीस आली, तर आधी दोन्ही तारखा तपासा: घटनेची आणि दोषारोपपत्राची.