रानमोहरी आणि आपल्या उसातील टू-फोर-डी



लागणीचा ऊस दीड-दोन महिन्यांचा झाला की गटागटांतून एकच विचारणा सुरू होते, "साहेब, टू-फोर-डी मारू का?" याला "मारा" किंवा "नको" असे एका शब्दात उत्तर देता येत नाही. हे औषध कशावर चालते, कशावर चालत नाही आणि उसाला का सोडते, हे आधी समजून घेतले पाहिजे. ते समजायला सोपे जावे म्हणून एका परदेशी तणाची माहिती आज देत आहे. या औषधाचा जन्मच मुळी त्या तणामुळे झाला.

हे तण म्हणजे रानमोहरी. इंग्लंडात तिला चारलॉक म्हणतात, शास्त्रीय नाव सिनॅपिस आरव्हेन्सिस. आपल्या मोहरीच्याच कुळातली. दोन-तीन फूट वाढते, खोडावर राठ लव असते, चार पाकळ्यांचे पिवळे फूल येते आणि त्यामागून बारीक चोचीची शेंग धरते. (आपल्या पडीक रानातला काटेरी पिवळा धोत्रा निराळा. फूल पिवळे असले तरी तो मोहरीच्या कुळातला नव्हे, अफूच्या कुळातला.) इंग्लंड, फ्रान्स, जर्मनी, कॅनडा या देशांत गहू, सातू, ओट अशा धान्यांत ही रानमोहरी इतकी माजायची, की लांबून बघणाऱ्याला शेतकऱ्याने मोहरीच पेरली आहे असे वाटावे. आयर्लंडमध्ये १८४५ नंतरच्या मोठ्या दुष्काळात गरिबांनी हिचा पाला शिजवून खाल्ला, एवढाच काय तो तिचा उपकार.

एका झाडाला दोन-तीन हजार बी सहज धरते. ते सगळे पुढच्या साली उगवते असे नाही. नांगरटीत खाली गेलेले बी कित्येक दशके जमिनीत जिवंत पडून राहते. वर्षानुवर्षे कुरण म्हणून ठेवलेले रान मोडून नांगरले, की रानमोहरी पुन्हा हजर! खुरपून खुरपून तिकडचे शेतकरी टेकीला आले होते.

पहिला मार्ग सापडला तो द्राक्षबागेत. आपल्यापैकी जे बागाईतदार आहेत त्यांना बोर्डो मिश्रण सांगायला नको. १८९६ साली फ्रान्समध्ये बोने नावाच्या बागाईतदाराच्या ध्यानात आले, की वेलींवर मारलेले बोर्डो खालच्या रानमोहरीवर पडले की तिची पाने काळी पडतात. मग मोरचुदाचे पाणी धान्यातल्या रानमोहरीवर मारून पाहिले, तर मोहरी जळाली आणि धान्य राहिले. कारण साधे आहे. मोहरीचे पान रुंद आणि खरखरीत, पाणी त्यावर ठरते. धान्याचे पान अरुंद, उभे आणि मेणचट, पाणी घरंगळून जाते. थोड्याच वर्षांत जर्मनी आणि अमेरिकेतही असे प्रयोग झाले. पीक ठेवून तण मारायचे, ही कल्पना इथून रुजली.

खरी कलाटणी मिळाली १९४० साली. इंग्लंडमध्ये जेलॉट्स हिल येथील संशोधन केंद्रावर टेम्पलमन हे शास्त्रज्ञ वाढीच्या संप्रेरकांवर काम करीत होते. कापसाची पातेगळ थांबवायला आपण जे एन.ए.ए. फवारतो, तेच त्यांनी जादा प्रमाणात ओटच्या पिकात वापरले. ओटला काही झाले नाही, त्यातली रानमोहरी मात्र मेली. थेंबभर दिले तर वाढ, जास्त झाले तर मरण, असा हा प्रकार. मग त्याच गुणाची पण अधिक जोरकस द्रव्ये शोधण्यात आली. महायुद्ध चालू असल्याने हे काम गुप्त ठेवले होते. अमेरिकेतही त्याच सुमारास स्वतंत्रपणे शोध चालला होता. १९४५ मध्ये तिकडे टू-फोर-डी बाजारात आले आणि १९४६ मध्ये इंग्लंडात त्याचाच भाऊ एम.सी.पी.ए.

आता आपल्या उसाकडे येऊ. ऊस हा ओट, गहू, ज्वारी यांच्याच गवत कुळातला, एकदल. त्याचा वाढीचा कोंब पानांच्या आवरणात दडलेला असतो. औषध त्याच्या अंगात फारसे फिरत नाही आणि जे जाते त्याचा तो निकाल लावतो. माठ, घोळ, गाजरगवत, चांदवेल ही रुंद पानांची द्विदल तणे. त्यांच्या अंगात औषध शेंड्यापासून मुळापर्यंत जाते, खोड पिळवटते, फुगते, फुटते आणि झाड मरते. म्हणजेच हरळीवर टू-फोर-डी मारणे हे पैसे पाण्यात घालणे आहे. हरळी ही उसाचीच भाऊबंद, ती कशी मरणार? लव्हाळ्याचा शेंडा करपतो, गाठी जमिनीत शाबूत राहतात आणि पंधरवड्यात तो पुन्हा वर येतो. तरीही दर साल या दोन तणांसाठी टू-फोर-डी नेणारे सभासद आहेत. दुकानदार देतो, आपण नेतो.

दुसरी गोष्ट आंतरपिकाची. उसात सोयाबीन, भुईमूग, हरभरा, कोबी यांपैकी काहीही असेल तर टू-फोर-डीचे नाव काढू नये. औषधाला तुमचा हरभरा आणि रानमोहरी यांत फरक कळत नाही.

आणि शेजाऱ्याची बाग! द्राक्ष आणि कापूस ही दोन पिके या औषधाला अतिशय हळवी आहेत. वाऱ्यावर गेलेल्या तुषारांनीसुद्धा द्राक्षाची पाने पंख्यासारखी आकसतात, टोमॅटोचा शेंडा वळतो. यावरून बांधावर झालेली भांडणे आमच्यापर्यंत येतात आणि भरपाई कोणी कोणाला द्यायची हे काही सुटत नाही. एस्टर प्रकारच्या औषधाची वाफही उडते. म्हणून जवळ बाग असेल तर एस्टर टाळून सोडियम सॉल्ट घ्यावे, तेही वारा पडलेला असताना, सकाळी, नोझल खाली धरून. बाग अगदी बांधाला लागून असेल तर तेवढ्या सऱ्या खुरपून घ्याव्यात, मजुरी गेली तरी चालेल.

तण दोन ते चार पानांवर असावे, जमिनीत ओल असावी. मात्रा डब्यावरील पत्रकाप्रमाणेच घ्यावी. "जरा जास्त टाकू" हा आपला स्वभाव इथे नडतो. एकच औषध दर साल मारणेही बरे नाही. कॅनडातील मॅनिटोबा प्रांतात १९९० च्या सुमारास टू-फोर-डीलाही दाद न देणारी रानमोहरी आढळली. ज्या तणावरून औषध निघाले, तेच त्याला पचवून बसले. आपल्याकडे गाजरगवत १९५५ साली पुण्यात प्रथम नोंदले गेले आणि आज कुठे नाही ते सांगा. त्याच्या एका झाडाला हजारोंनी बी होते. ते फुलावर येण्यापूर्वीच हातमोजे घालून उपटावे. बी धरलेले झाड शेणखताच्या खड्ड्यात टाकू नये, अर्धवट कुजलेल्या खतातून ते परत उसात येते.

शेवटी पंपाचे. टू-फोर-डीसाठी पंप वेगळाच ठेवावा आणि त्यावर रंगाने खूण करावी. नुसता विसळलेला पंप द्राक्षाला किंवा सोयाबीनला वापरला, तर राहिलेल्या अंशानेही पीक वाकडे होते. ज्यांच्याकडे दुसरा पंप नाही त्यांनी फवारणीचा दिवस ठरविण्यापूर्वी आपल्या गट ऑफिसात येऊन भेटावे.

— ऊस विकास अधिकारी