संगणकावरील वाद्याची 'स्किन' कशी बदलावी?

घुमटाचे कातडे बदलले की नाद बदलतो, हे चवथीच्या आरतीला बसणाऱ्या आपल्यापैकी प्रत्येकाला ठाऊक आहे. वन्यजीव संरक्षण कायदा, १९७२ नुसार घोरपडीला संरक्षण आहे. त्यामुळे आता बकऱ्याचे कातडे वापरतात आणि नादातल्या फरकाची चर्चा अजून चालते.

संगणकावरील वाद्यालाही 'स्किन' असते. ती बदलल्याने मात्र आवाज जराही बदलत नाही. बदलतात ते रंग, अक्षरे आणि बटणांची चित्रे. भजन घरीच ध्वनिमुद्रित करणाऱ्या ज्येष्ठांना काळ्या पडद्यावरची बारीक अक्षरे दिसत नाहीत आणि ते काम नातवंडांवर सोपवून बाजूला होतात. त्यांच्यासाठी ही माहिती देत आहोत.

उदाहरणादाखल 'सर्ज एक्सटी' हे मोफत प्लगइन घेऊ. क्लेस योहान्सन यांनी मूळ 'सर्ज' २०१८ मध्ये सर्वांसाठी खुले केले. तेव्हापासून स्वयंसेवक ते सांभाळतात.

१. आधी 'मेनू'तील 'झूम' वाढवून पाहावे. पुष्कळदा एवढ्यानेच काम भागते.

२. नवी स्किन हवी असल्यास उतरवून घेतलेली झिप फाइल उलगडावी. आत एक फोल्डर मिळतो. त्याच्या नावाच्या शेवटी इंग्रजीत 'सर्ज-स्किन' असे लिहिलेले असते.

३. तो अख्खा फोल्डर 'डॉक्युमेंट्स'मधील 'सर्ज एक्सटी' फोल्डरच्या 'स्किन्स' या जागी ठेवावा. आतल्या फाइली सुट्या करू नयेत.

४. 'मेनू'तील 'स्किन्स'मध्ये जाऊन 'रीस्कॅन स्किन्स' दाबावे आणि यादीतून नवे नाव निवडावे.

पसंत पडली नाही, तर त्याच यादीतून 'सर्ज क्लासिक' निवडले की जुने रूप परत येते. केलेले ध्वनिमुद्रण आणि जपून ठेवलेले आवाज जसेच्या तसे राहतात.

सगळ्याच प्लगइनना ही सोय नसते. जिथे असते तिथेही फोल्डरची जागा वेगळी असू शकते, म्हणून त्या प्लगइनची माहितीपुस्तिका आधी वाचावी.

शेवटी एक सावधगिरी. सर्जची स्किन म्हणजे चित्रे आणि मांडणी सांगणारी एक मजकुराची फाइल, एवढेच. स्किन म्हणून आलेली फाइल 'ईएक्सई' प्रकारची असेल किंवा संगणकाचा पासवर्ड मागत असेल, तर ती उघडू नये. ज्या संगणकावर आपण भजन ध्वनिमुद्रित करतो, त्याच संगणकावर बहुधा आपले बँकेचे व्यवहारही चालतात.