‘काला’ : हाणामारीच्या सिनेमातली घराची गोष्ट



हाणामारीचा सिनेमा लागला की आपल्यातल्या बऱ्याच जणी रिमोट घरातल्या पुरुषांच्या हाती देतात आणि स्वयंपाकघराकडे वळतात. त्यातून तो तमिळ, हिंदीत डब केलेला, आणि हिरो एका ठोशात दहा जणांना लोळवणारा! यात आपल्यासाठी काय असणार, असं वाटणं साहजिक आहे. आज आम्ही अशाच एका सिनेमाविषयी बोलणार आहोत. नाव ‘काला’. हा लागला तर मात्र उठून जाऊ नका, असं आमचं सांगणं आहे. कारण यातली सगळी मारामारी एका प्रश्नावरून आहे, आणि तो आपल्या रोजच्या जगण्यातला आहे. आपलं घर, आपली वस्ती कुणाची?

‘काला’ ७ जून २०१८ रोजी प्रदर्शित झाला. दिग्दर्शक पा. रंजित, हिरो रजनीकांत, आणि निर्मिती अभिनेता धनुष याच्या कंपनीची. भाषा तमिळ असली तरी गोष्ट आपल्या मुंबईतल्या धारावीत घडते. तमिळनाडूच्या तिरुनेलवेली भागातून पूर्वी अनेक कुटुंबं पोटापाण्यासाठी धारावीत आली. कुणी चामड्याच्या कारखान्यात राबलं, कुणी छोटे धंदे थाटले. अशाच घरातला करिकालन, म्हणजे काला, आता नातवंडांचा आजोबा आहे आणि वस्तीचा आधार आहे. समोर आहे हरी दादा, पांढऱ्याशुभ्र कपड्यातला पुढारी. त्याला मुंबई ‘स्वच्छ’ करायची आहे, म्हणजे धारावीची जमीन बिल्डरच्या हाती द्यायची आहे. काळा रंग कष्टाचा आणि पांढरा सत्तेचा, अशी मांडणी सिनेमाभर दिसते.

एक प्रसंग नीट बघा. हरी दादा काल्याच्या घरी येतो, पण तिथलं पाणी पीत नाही. पाणी का नाकारलं जातं हे महाराष्ट्रात कुणाला समजावून सांगावं लागत नाही. दिग्दर्शक पा. रंजित आंबेडकरी विचार उघडपणे मांडणारे आहेत. त्यांनी भाषण न देता एका पेल्यातून जात दाखवली आहे.

हा सिनेमा बनला कसा, तेही ऐकण्यासारखं आहे. चित्रीकरण २०१७ च्या मे महिन्यात मुंबईत सुरू झालं. पण खऱ्या धारावीच्या बोळात रजनीकांतला घेऊन दिवसेंदिवस काम करणं अवघड. गर्दी आवरायची कशी? म्हणून चेन्नईजवळच्या स्टुडिओत धारावीचा मोठा सेट उभारला. पत्र्याची छपरं, अरुंद गल्ल्या, एकमेकींना टेकलेल्या खोल्या, सगळं नव्याने बांधलं. तो सेट आहे हे सिनेमा बघताना चटकन लक्षात येत नाही.

यात मराठी माणसंही बरीच आहेत. हरी दादा झालेत नाना पाटेकर. नाशिकची अंजली पाटील महत्त्वाच्या भूमिकेत आहे. आणि स्वतः रजनीकांत यांचं मूळ नाव शिवाजीराव गायकवाड, बंगळुरूमधल्या मराठी कुटुंबात १९५० साली जन्मलेले. सिनेमात येण्याआधी ते तिथे बस कंडक्टर होते.

आता वळू या बायांकडे, कारण आमच्या मते सिनेमाचा खरा जोर त्यांच्यात आहे.

पहिली सेल्वी, काल्याची बायको. ही भूमिका ईश्वरी राव यांनी केली आहे. ती घरभर बोलत असते, रागावते, हसवते. काल्याची जुनी प्रेयसी वस्तीत परत येते तेव्हा सेल्वी मुकाट्याने डोळे पुसत बसत नाही. गावाकडे आपल्यावरही एक जण जीव टाकत होता, मलाही तिकीट काढून द्या, मीही भेटून येते, असं ती नवऱ्याला सुनावते. रजनीकांतसारख्या हिरोला बायकोसमोर असं गप्प झालेलं तमिळ प्रेक्षकांनी क्वचितच पाहिलं असेल.

दुसरी जरीना, हुमा कुरेशीने केलेली. हीच ती जुनी प्रेयसी. आता ती शिकून, जग बघून, एकटीने मुलीला वाढवत परतली आहे. झोपडपट्टीतल्या घरांच्या प्रश्नावर ती काम करते आणि वस्ती सुधारायचा आराखडा घेऊन येते. तिचा हेतू चांगला आहे, तरी तिचं आणि वस्तीचं पटत नाही. कागदावरचं घर छान दिसतं, पण ज्या घरात लोक राहतात तिथेच कुणी पापड लाटतं, कुणी शिलाई करतं. काम कुठे करायचं, याचं उत्तर आराखड्यात नसेल तर घर मिळूनही चूल थंडच राहील. तज्ज्ञ आणि वस्ती यांच्यातलं हे भांडण सिनेमाने प्रामाणिकपणे दाखवलं आहे. पुढे जरीना वस्तीच्या बाजूने उभी राहते.

तिसरी पुयल, म्हणजे वादळ. ही अंजली पाटील. काल्याच्या धाकट्या मुलाबरोबर ती चळवळीत काम करते. तिच्यावरचा एक प्रसंग बघायला जड जातो. वस्तीत हल्ला होतो, तेव्हा तिची सलवार ओढून काढली जाते. अशा वेळी आजवरच्या सिनेमांत काय व्हायचं, आपल्याला पाठ आहे. बाई अंग चोरून बसते आणि हिरो येऊन तिला शाल पांघरतो. पुयल मात्र कपड्याकडे हात नेत नाही. मारायला हाताशी सापडेल ते उचलते आणि हल्लेखोरांवर धावून जाते. अब्रू कपड्यात असते हे लहानपणापासून ऐकत आलेल्या आपल्याला हा प्रसंग विचार करायला लावतो. सिनेमा आल्यावर या प्रसंगावर बरंच लिहिलं गेलं.

आता संगीत. संगीतकार संतोष नारायणन. रंजित यांच्या आधीच्या सिनेमांनाही त्यांचंच संगीत होतं. धारावीच्या गोष्टीला धारावीचाच आवाज हवा, म्हणून त्यांनी तिथल्याच ‘डोपअॅडेलिक्स’ या रॅप करणाऱ्या मुलांच्या गटाला सोबत घेतलं. रॅप म्हणजे तालावर भराभर बोललेलं गाणं. आपल्याकडे शाहिरीत, जलशात लोक आपलं गाऱ्हाणं तालावर मांडत आले, त्याच जातीचं हे काम आहे असं समजा. याच सिनेमात ‘कन्नम्मा’ हे हळवं गाणंही आहे. ते लिहिलं आहे कवयित्री उमा देवी यांनी.

लोकांनी सिनेमा कसा स्वीकारला? एकसारखा नाही. राजकारण इतक्या उघडपणे मांडल्याबद्दल अनेक समीक्षकांनी कौतुक केलं. काहींना तो लांबलेला वाटला, आणि कमाईही रजनीकांतच्या नावाला शोभेल एवढी झाली नाही. कर्नाटकात तर प्रदर्शनालाच विरोध झाला. कावेरीच्या पाण्याविषयी रजनीकांत जे बोलले होते, त्याचा तिथे राग होता. प्रकरण न्यायालयात गेलं आणि उच्च न्यायालयाने चित्रपटगृहांना संरक्षण द्यायला राज्य सरकारला सांगितलं.

आणखी एक गोष्ट लपवून चालणार नाही. सिनेमा येण्याच्या दोन आठवडे आधी, २२ मे २०१८ रोजी, तमिळनाडूतल्या तुतुकुडीत तांब्याच्या कारखान्याविरुद्धच्या आंदोलनावर पोलिसांनी गोळीबार केला. तेरा माणसं गेली. रजनीकांत जखमींना भेटायला गेले, पण नंतर म्हणाले की आंदोलनात समाजकंटक घुसले होते, आणि प्रत्येक गोष्टीसाठी आंदोलन होत राहिलं तर राज्याचं स्मशान होईल. पडद्यावर आंदोलकांचा नेता आणि बाहेर ही भाषा! अनेकांना ते खटकलं, आणि खटकायलाच हवं होतं. पडद्यावरचा माणूस आणि खरा माणूस वेगळा असतो, एवढं आपण ध्यानात ठेवलं तरी पुष्कळ.

सिनेमाचं मोल मात्र त्याने कमी होत नाही. कारण यातली लढाई एकट्या हिरोच्या ठोशाने जिंकली जात नाही. वस्तीतले कष्टकरी कामावर जाणं थांबवतात आणि अख्खी मुंबई अडून बसते. शहर कुणाच्या हातांवर चालतं, हे तेव्हा कळतं.

धारावीची खरी गोष्ट अजून चालूच आहे. २०२२ च्या नोव्हेंबरात तिथल्या पुनर्विकासाच्या निविदेत अदानी समूहाची बोली सर्वांत मोठी ठरली. पात्र कोण, अपात्र कोण, हा तिथल्या घराघरातला प्रश्न आहे. आणि तो फक्त धारावीचा नाही. मुंबईच्या झोपडपट्टी पुनर्वसनाच्या नियमात एक कलम आहे, ते प्रत्येकीला माहीत असावं. पुनर्वसनात मिळणारं घर नवरा आणि बायको अशा दोघांच्या मालकीचं मानलं जातं आणि सोसायटीच्या दप्तरात तशी नोंद व्हायला हवी. जिथे बाईच कुटुंबप्रमुख आहे, त्या घराला वाटपात प्राधान्य द्यायचं, असंही नियम सांगतो. मोफत घरासाठी १ जानेवारी २००० च्या आधीपासून तिथे राहत असल्याचा पुरावा लागतो. पुरावा म्हणजे मतदार यादीतलं नाव, जुनं वीज बिल, असे कागद. ते बहुतेक घरांत एखाद्या पत्र्याच्या पेटीत तळाशी असतात.

तेव्हा मैत्रिणींनो, ‘काला’ बघाच, आणि घरातल्या सगळ्यांबरोबर बसून बघा. मग ती पेटी उघडा. कागदांवर नाव कुणाचं आहे ते वाचा. आपलं नसेल तर ते कसं लागेल, हे सोसायटीत, बचत गटात, घरात विचारायला सुरुवात करा. सेल्वी नवऱ्याला तिकीट मागू शकते, तर आपण आपलं नाव नक्कीच मागू शकतो.