धुकं फुकट, गोष्ट महाग: कमी पैशातल्या रहस्यपटाचं गणित

ज्यांना ऐकायला जमत नाही त्यांच्यासाठी नेहमीप्रमाणे हा एपिसोड लिहून देतोय.

महाड-पोलादपूरकडे मोबाईलवर शॉर्ट फिल्म करणारी पोरंपोरी आता बरीच आहेत. विषय काढला की ठरलेलं वाक्य येतं, "मर्डर मिस्ट्री करू रे, पण बजेट कुठंय?" आज त्या बजेटबद्दलच बोलू.

आधी हॉलिवूडला जाऊ. १९४५ साली 'डीटूर' नावाचा सिनेमा आला. मार्टिन गोल्डस्मिथ या लेखकाची १९३९ सालची कादंबरी, पटकथाही त्याचीच. दिग्दर्शक एडगर उल्मर. कंपनी अगदी स्वस्तातले सिनेमे काढणारी. गोष्ट साधी आहे. एक पियानोवाला लिफ्ट मागत निघालाय आणि लिफ्ट देणारा माणूस वाटेतच मरतो. आता पोलीस याच्यावर विश्वास ठेवतील का? बस्स, एवढ्यावर सिनेमा चालतो.

न्यूयॉर्कचा रस्ता उभारायला पैसे नव्हते, म्हणून उल्मरने पडदाभर धुकं सोडलं आणि त्यातून दोन माणसं चालवली. गाडीचा प्रवास स्टुडिओत, मागे पडद्यावर रस्ता पळतोय. जेमतेम सव्वा तासाचा हा सिनेमा १९९२ साली अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट यादीत गेला.

आता आपल्याकडे या. 'मेरा साया' ऐकलाय ना? निदान 'झुमका गिरा रे' तरी नक्कीच. साधना, सुनील दत्त, मदन मोहनचं संगीत, उदयपूरचे महाल. पण १९६६ सालचा तो सिनेमा मुळात मराठीवरून घेतलाय. त्याच्या दोन वर्षं आधी, १९६४ साली, राजा परांजपे यांनी 'पाठलाग' केला होता. काशिनाथ घाणेकर आणि भावना. त्याला मराठीतल्या सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. तमिळमध्येही ही गोष्ट 'इदय कमलम' म्हणून गेली.

गोष्ट काय? एका वकिलाची बायको डोळ्यांदेखत वारते. मग दरोडेखोरांच्या टोळीतली म्हणून एक बाई पकडली जाते. चेहरा हुबेहूब तोच. ती म्हणते, "मीच तुमची बायको." आणि फक्त नवरा-बायकोलाच माहीत असतील अशा गोष्टी सांगत सुटते. शेवट सांगत नाही, बघा.

आता हिशोब करा. रहस्य कुठे घडतंय? एका घरात आणि एका कोर्टात. दोन चेहरे हवेत, पण नटी एकच. खर्चाची वस्तू एकही नाही. प्रेक्षकाला धरून ठेवतो तो एकच प्रश्न: ही खरी की खोटी? 'डीटूर'मध्येही तेच. रहस्यपटाचा खरा माल म्हणजे काय दाखवायचं नाही हे आधी ठरवणं, आणि त्याला पैसे लागत नाहीत. धुक्याचं म्हणाल तर ते आपल्याकडे ढिगाने आहे. फक्त दरडींच्या दिवसांत त्यासाठी वरंध किंवा आंबेनळी घाटात थांबू नका. गावाबाहेरच्या पायवाटेवर पहाटे मिळतं तेवढं पुरे.

पण एक गोष्ट फुकट नसते, ती म्हणजे कथा. 'पाठलाग' ज्या कादंबरीवरून आला तिचं नाव 'आशा परत येते', लेखक जयंत देवकुळे. साधना आठवते, झुमका आठवतो. देवकुळे किती जणांना ठाऊक आहेत? तीन भाषांतले सिनेमे ज्याच्या डोक्यातून निघाले, तोच माणूस आपल्या गप्पांतून गायब.

म्हणून जुनी रहस्यकथा उचलताना दोन कामं करा. पहिलं, परवानगी. आपल्या कायद्यात लेखक गेल्यानंतरच्या वर्षापासून पुढे ६० वर्षं हक्क राहतात. बाबूराव अर्नाळकर १९९६ साली गेले, म्हणजे त्यांच्या कथांवर २०५६ संपेपर्यंत वारसांचा किंवा ज्यांनी हक्क घेतलेत त्यांचा अधिकार. "यूट्यूबलाच टाकतोय, पैसे कुठे कमावतोय" ही सबब चालत नाही. प्रकाशकाला पत्र लिहा, विचारा. नाही म्हणाले तर स्वतःची गोष्ट लिहा.

दुसरं काम सोपं आहे. सिनेमाच्या सुरुवातीला, दिग्दर्शकाच्या नावाएवढ्याच अक्षरात लेखकाचं नाव टाका. त्याला एक रुपयाही लागत नाही.

भेटू पुढच्या एपिसोडला. तोवर 'पाठलाग' बघा, आणि शेवट कुणाला सांगू नका!